न केलेलं भाषण

कॉलिन प्रुइट पहिल्यांदा आमच्या घरी आला तो हातात झेंडूची फुलं घेऊन. आमच्यात झेंडू मेलेल्यांना वाहतात. कुणीतरी त्याला सांगितलं असणार की मेक्सिकन लोकांना ही फुलं फार प्रिय असतात, आणि पुढचं त्यानं विचारलं नसणार. दारात उभं राहून तो घोटून आणलेल्या स्पॅनिश उच्चारात म्हणाला, "दोन्या ओफेलिया, तुम्हाला भेटणं हा माझा सन्मान आहे." आत्यानं फुलं घेतली, त्याला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं आणि मला आपल्या भाषेत म्हणाली, "इर्मा, बघ गं, हा माझ्या मयताला आलाय. त्याला सांग, थोडा लवकर आलास."

मी काही सांगितलं नाही. नुसती कॉफी ठेवली.

आत्या तेव्हा नव्वदी ओलांडून गेली होती. लॉस एंजेलिसच्या बॉइल हाइट्स वस्तीतल्या त्याच घरात ती जन्मली, आणि माझी आई माशांच्या कारखान्यात पाळ्या करायची तेव्हा तिनं मला तिथंच वाढवलं. शाळेच्या स्वयंपाकघरात तिनं सगळी उमर काढली. अर्ध्या वस्तीनं लहानपणी तिच्या हातचं खाल्लंय, आणि रांगेत धक्काबुक्की केली म्हणून तिच्या डावाचा दांडाही खाल्लाय. त्याआधी ती काही वर्षं सिनेमात होती, एवढंच आम्हाला ठाऊक. बोळात कोटांच्या खुंट्यांमागे तिचा एक फोटो होता. खांदे उघडे, मान तिरकी, खाली नाव 'ऑलिव्हिया बार'. कुणी विचारलं की आत्या म्हणायची, "ती बाई मेली. तू तुझा कोट काढ."

मीही नटी आहे, पण तुम्हाला माझं नाव माहीत असायचं कारण नाही. तोंड पाहिलं तर ओळखाल. मी मोलकरीण असते. कधी नर्स, कधी कोर्टात मागच्या बाकावर रडणारी आई, पण बहुतेक वेळा मोलकरीण. खरं तर मला शेक्सपिअर पाठ आहे, पण चाळीसेक वर्षांत कॅमेऱ्यासमोर माझ्या वाट्याला आलेल्या वाक्यांतली निम्मी 'हो, बाईसाहेब' अशीच आहेत.

तर कॉलिन. चाळिशीतला, मऊ आवाजाचा, स्वेटरची कोपरं मुद्दाम विरलेली. त्याच्या आधीच्या दोन सिनेमांना बक्षिसं मिळाली होती. आता त्याला जुन्या स्टुडिओंच्या काळावर सिनेमा करायचा होता. "सगळे त्याला सुवर्णकाळ म्हणतात," तो म्हणाला. "मला तो मुलामा खरवडायचाय. खाली काय होतं ते दाखवायचंय. हॅलोरन स्टुडिओनं तुमच्यासारख्या मुलींचं काय केलं ते."

"आणि याला पैसे कोण देतंय?" मी विचारलं.

तो जरा ओशाळला. "हॅलोरनच. म्हणजे आता ती कंपनी वेगळी आहे. चार वेळा विकली गेलीय. नाव तेवढं तेच. त्यांनाच हे व्हावंसं वाटतंय, यातच सगळं आलं, नाही का?"

आत्या मला म्हणाली, "लांडग्याला मेंढीचं दुःख सांगायचंय. सांगू दे." मग त्याला, "जेवणार आहेस का रे?"

तो जेवला. तो हिवाळाभर येत राहिला, जेवत राहिला, आणि आत्या बोलत राहिली. मला याचंच नवल वाटायचं. जी गोष्ट तिनं आपल्या भावाला, म्हणजे माझ्या वडिलांना, सांगितली नाही, पाद्रीबाबांना सांगितली की नाही देव जाणे, ती या परक्या माणसाला सांगत होती. मी एकदा तिला विचारलंही. ती म्हणाली, "तुम्हाला सांगितलं असतं तर तुम्ही माझ्याकडे रोज त्या नजरेनं बघितलं असतं. हा आपला बघून घरी जातो."

तिला हॅलोरनच्या माणसानं चर्चच्या जत्रेत नाचताना पाहिलं होतं. तेव्हा ती जेमतेम एकोणीस वर्षांची. नाव बदललं, केसांचा रंग उतरवला, आणि वर्तमानपत्रांना सांगितलं की ही स्पेनच्या एका सरदार घराण्यातली मुलगी आहे. बॉइल हाइट्सचा उल्लेख करायचा नाही. चारचौघांत आपल्या भाषेत बोलायचं नाही. तीन सिनेमांत ती जिन्यावरून खाली उतरली, एका सिनेमात तिला घोड्यानं पाडलं.

एका दुपारी मी ओट्यापाशी पीठ मळत होते आणि बाहेरच्या खोलीत आत्या म्हणाली, "फाटकाचं सांगते."

"फाटकावर वार्ताहर होते. स्टुडिओचा प्रसिद्धीवाला माझं कोपर धरून उभा. मी तापातून उठले होते, आणि ते आईला कळलं होतं. ती दोन बस बदलून आली. डब्यात कोंबडीचा रस्सा, वर फडकं बांधलेलं. तिनं हाक मारली, 'ओफे.' एका वार्ताहरानं विचारलं, ही कोण? प्रसिद्धीवाल्याची बोटं माझ्या कोपरात रुतली. मी म्हटलं, आमची धुणीवाली."

कॉलिननं काही विचारलं असावं, मला ऐकू आलं नाही.

"मग काय व्हायचंय? आईनं ऐकलं. तिला तेवढं इंग्रजी येत होतं. ती म्हणाली, 'हो, बाईसाहेब.' डबा पहारेकऱ्याच्या हातात दिला आणि गेली. मी गाडीत बसले."

माझे हात पिठातच राहिले. रेफुहिओ आजी, म्हणजे आत्याची ती आई, मी मोठी होईपर्यंत जिवंत होती. तिनं मला आत्याबद्दल शेकडो गोष्टी सांगितल्या, खोड्या, आजारपणं, शाळेतली बक्षिसं. ही कधी सांगितली नाही. आणि मी जन्मभर 'हो, बाईसाहेब' म्हणून पोट भरत आले होते.

दुसरी गोष्ट आत्यानं पुढच्या खेपेला सांगितली, तीही अशीच, भाजी निवडता निवडता. सेटवर दिवे लावणारा अन्सेल्मो म्हणून एक जण होता. दोघांचं लग्न ठरलं होतं, आत्याला दिवस गेले होते. करारात कलम होतं की लग्नाला स्टुडिओची परवानगी लागेल. ती परवानगी मागायला गेली. म्हातारा हॅलोरन फार गोड बोलला. म्हणाला, पोरी, आधी तब्येत बघू, आपल्या डॉक्टरकडे जाऊन ये. डॉक्टरनं सुई टोचली. ती जागी झाली तेव्हा सगळं उरकलेलं होतं, आणि पुढंही कधी मूल होणार नव्हतं. अन्सेल्मोला त्यानंतर कुठल्याच स्टुडिओच्या फाटकातून आत घेईनात. तो टेक्सासला गेला. काही महिन्यांनी आत्याचाही करार संपवला.

कॉलिन रडला. खरंच रडला, त्यात नाटक नव्हतं, हे मी सांगू शकते, माझा धंदाच तो आहे. आत्यानं त्याच्यापुढे रुमाल टाकला. "रड बाबा. पण मग जेव. निवतंय."

कॉलिन हरामखोर नव्हता. हरामखोर असता तर बरं झालं असतं, मला एवढा राग धरून बसायला लागलं नसतं. एक शिवी घातली की सुटले असते.

आत्याची भूमिका नोएल किन्योनेसला मिळाली. पंचविशीची पोर्तोरिकन मुलगी, फार गुणी. आणि कॉलिननं आजीच्या भूमिकेसाठी मला विचारलं. फाटकावरची आई. मी आत्याला म्हटलं, "चाळीस वर्षांनी मला मोलकरीण नसलेली भूमिका आली, आणि तिच्यात मला मोलकरीण म्हणणार." आत्या म्हणाली, "तर मग तू ती कर. दुसऱ्या कुणी केली तर आईची चालसुद्धा बिघडवून ठेवेल."

चित्रीकरण हॅलोरनच्याच आवारात झालं. जुनं फाटक आता वाहनतळाचं दार झालं होतं, म्हणून थोड्या अंतरावर त्यांनी नवं जुनं फाटक उभारलं. रंगाचे पापुद्रे हातानं काढले होते. मी डबा घेऊन आले, हाक मारली, 'हो, बाईसाहेब' म्हटलं, आणि गेले. नोएलचा चेहरा मला पाठीमागे दिसत नव्हता, पण 'कट' झाल्यावर ती पळत येऊन माझ्या गळ्यात पडली आणि कितीतरी वेळ सोडेना. तेव्हा मला वाटलं, सिनेमा चांगला होणार.

मग डॉक्टरचा प्रसंग आला. माझं काम नव्हतं, मी नोएलसोबत म्हणून गेले होते. त्या दिवसांत तिची कंबर त्या काळच्या मापाची व्हावी म्हणून तिला उकडलेल्या अंड्याचा पांढरा भाग आणि सेलरीच्या काड्या एवढंच देत होते. पोर वाऱ्यानं हलायची. थंडगार पत्र्याच्या टेबलावर, अंगावर एक चादर, आणि तोच प्रसंग पुन्हा पुन्हा. कॉलिनला तिच्या डोळ्यांत काहीतरी हवं होतं आणि ते येत नव्हतं. शेवटी ती उठून बसली. म्हणाली, "मला जरा थांबू दे. मला श्वास घेता येत नाहीये."

कॉलिन तिच्याजवळ गुडघ्यांवर बसला. तिचा हात हातात घेतला. आवाज असा की लोणी विरघळावं. "नोएल, तिला तरी कुठं थांबता आलं होतं?"

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. हॅलोरन कसा बोलायचा हे मी आत्याच्या तोंडून ऐकलं होतं. पोरी, आपल्या डॉक्टरकडे जाऊन ये. तो असाच बोलत असणार, असाच हात धरून. मी दिव्यांमधून चालत गेले आणि माझी शाल त्या मुलीच्या खांद्यांवर टाकली. म्हटलं, "झालं आजचं काम."

साहाय्यक धावत आला. "मॅडम, या प्रसंगात तुम्ही नाही आहात."

"ते मला दिसतंय. या प्रसंगात कुणाचीच आई नाहीये."

कॉलिननं मान खाली घातली. बोलली नोएलच. "इर्मा, राहू दे. मी करते. नाहीतर उद्या पुन्हा यावं लागेल." तिनं केलं. त्याला हवं ते डोळ्यांत आलं. सगळे म्हणाले, अप्रतिम.

त्यानंतर मला शेवटच्या प्रसंगाची पानं मिळाली. ती वाचून मी सरळ कॉलिनच्या गाडीत गेले. पानांत असं होतं: मोठा पारितोषिक सोहळा. ऑलिव्हिया बारला बक्षीस मिळतं. ती व्यासपीठावर जाते आणि भाषण बाजूला ठेवते. म्हणते, माझं नाव ओफेलिया बरागान. डॉक्टरचं सगळं सांगते. हॅलोरनकडे बोट दाखवते. मग वर सज्जाकडे बघून म्हणते, ती माझी आई आहे. सगळं सभागृह उठून उभं राहतं. सज्जात मी, डोळ्यांतून धारा.

"हे कधी झालं?" मी विचारलं.

"झालं नाही, इर्मा. तोच तर मुद्दा आहे. इतिहासानं जे केलं नाही ते सिनेमा करू शकतो."

"आत्याला कधी कुठलं बक्षीस मिळालं नाही. आजी त्या सभागृहाच्या दारातही गेली नाही."

"माहितीय मला."

"आत्याला विचारलंस?"

"तिच्यासाठी ही भेट आहे," तो म्हणाला. "तिला पडद्यावरच बघू दे. प्लीज."

मी करारानं बांधलेली होते. सज्जात बसले, सांगितल्यावर रडले. हुकमी रडणं हे माझं अन्न आहे. खाली काळे कोट घातलेले, मोत्यांच्या माळा घातलेले लोक माझ्याकडे वळून टाळ्या वाजवत होते आणि खोटं कशाला सांगू, मला ते आवडत होतं. त्या टाळ्या पोटात जातात. त्यासाठीच लोक या धंद्यात कुजतात.

पहिला खेळ हॉलिवूड बुलेवार्ड रस्त्यावरच्या जुन्या थिएटरात, संध्याकाळी. आत्यानं तिचा निळा झगा घातला, माझ्या हाताला धरून लाल गालिच्यावरून चालली आणि छायाचित्रकारांना म्हणाली, "लवकर उरका, मला बाथरूमला जायचंय." ती खुशीत होती.

सिनेमा चांगला होता, हे मला म्हणावंच लागेल. फाटकाच्या प्रसंगाला आत्यानं माझा हात धरला आणि सोडला नाही. डॉक्टरच्या प्रसंगाला तिनं डोळे मिटले. मग सोहळा आला. नोएल व्यासपीठावर चढली, बोलू लागली, आणि आत्याची बोटं माझ्या मनगटात शिरली.

"हे काय आहे?"

"आत्या, शांत."

"हे काय आहे, इर्मा? ही कुठली बाई आहे?"

पडद्यावर सगळे उभे राहिले. थिएटरातही लोक हुंदके देत होते. मग अंधार, आणि आत्याचा जुना फोटो, त्यावर विरघळत आलेला तिचा आत्ताचा फोटो, हसरा, आमच्याच अंगणात कॉलिननं काढलेला. खाली अक्षरं: 'ओफेलिया बरागान आजही लॉस एंजेलिसमध्ये राहतात.' दिवे लागले. कॉलिन मंचावर गेला आणि म्हणाला, "ज्यांनी मला हे सगळं दिलं त्या इथंच आहेत." त्यानं हात पुढे केला. दोघा तरुणांनी आत्याला अलगद वर नेलं. तिच्या हातात माइक दिला.

तिनं माइक तोंडाशी धरला. मग बोलली, शाळेत पोरांना दटावायची त्या आवाजात.

"शेवट खोटा आहे. मी असं काही बोलले नाही. मी माझ्या आईला धुणीवाली म्हटलं आणि गाडीत बसले. नंतर तिची माफीसुद्धा मागितली नाही, कारण माफी मागायची तर ते पुन्हा बोलावं लागलं असतं. मला कुणी बक्षीस दिलं नाही. मी बोलले असते तर त्या सभागृहात एक माणूस उठला नसता. उठला असता तर मला बाहेर काढायला. या पडद्यावर जे टाळ्या वाजवतायत ते तसे नव्हते. ते तुमचे आजे होते. मी त्यांना पाहिलंय."

मग पुढच्या रांगेत एक बाई उठली, तिच्यामागे दुसरी, आणि बघता बघता सगळं थिएटर उभं राहून टाळ्या वाजवू लागलं. डोळे पुसत. फोन वर धरून.

"खाली बसा," आत्या म्हणाली.

टाळ्या वाढल्या.

"मी काय म्हणतेय? खाली बसा."

कुणी बसेना. कॉलिन तिच्या शेजारी उभा राहून रडत होता आणि टाळ्या वाजवत होता. आत्यानं माइक खाली सोडून दिला. त्याचा मोठा आवाज झाला, त्यालाही टाळ्या मिळाल्या. मी वर चढले, तिला धरून मागच्या दारानं बाहेर काढलं. बाहेर गल्लीत कचऱ्याच्या पेट्या होत्या, तिथं ती टेकली आणि आपल्या भाषेत अशा शिव्या घातल्या की शेजारच्या हॉटेलातला सिगारेट ओढत बसलेला आचारी उठून उभा राहिला आणि त्यानं तिला खुर्ची आणून दिली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती उठून ओट्यापाशी बसली होती. कॉफीला हात लावला नव्हता.

"तुला कळलं का त्यानं काय केलंय?" ती म्हणाली. "जर बोलता येत होतं, तर मग मी का नाही बोलले? आता जो कुणी तो सिनेमा बघेल तो हेच विचारेल. ती बोलली, तू का नाही? सत्तर वर्षं मी मनाला सांगत आले की दार बंद होतं. यानं दार उघडं दाखवलं."

"लोकांना कळतं गं, ते काल्पनिक आहे."

"लोकांना काय कळतं ते काल बघितलं मी."

आठवडा गेला नाही तोवर आत्याचा थिएटरातला व्हिडिओ सगळीकडे फिरला. 'खाली बसा' कापून टाकलं होतं. शेवटी टाळ्या होत्या. आणि मग तो सिनेमाच्या जाहिरातीतच आला: पडद्यावरची नोएल व्यासपीठावर, मग खरी आत्या मंचावर, आणि मध्ये सलग एकच टाळ्यांचा आवाज. खाली हॅलोरनचं नाव, सोन्याच्या अक्षरांत.

आत्यानं निळा झगा पुन्हा घातला. म्हणाली, "गाडी काढ."

हॅलोरनच्या कचेरीत कॉलिन होता आणि एक निर्माती बाई होती, फार शांत, फार सभ्य. पाणी कुठलं हवं, साधं की बुडबुड्यांचं, असं विचारणारी. आत्या म्हणाली, "शेवट बदला."

"ते आता शक्य नाही," बाई म्हणाली. "आणि खरं सांगू, लोकांना तो शेवट सर्वांत जास्त आवडलाय."

"मग माझे फोटो काढा. नाव काढा. जाहिरातीतून मला काढा."

"तुम्ही कथेसाठी संमती दिली होती, मॅडम."

"कथेसाठी दिली. त्या थिएटरात मी जे बोलले त्यासाठी कुठं दिली?"

बाईनं अगदी मृदूपणे सांगितलं, "दारावर पाटी लावलेली होती. आत येणाऱ्यांचं चित्रण होईल, आत येणं म्हणजेच संमती."

आत्या तिच्याकडे वळली. "हॅलोरन समोर बसून तोंडानं खोटं बोलायचा," ती म्हणाली. "तुम्ही पाट्या लावता. सुधारणा आहे."

कॉलिन पुढे झुकला. त्याचा चेहरा उतरला होता. "दोन्या ओफेलिया, मला तुम्हाला दुखवायचं नव्हतं. त्यांनी तुमचा आवाज हिरावून घेतला. मला तो तुम्हाला परत द्यायचा होता."

"माझा आवाज माझ्याजवळच होता, पोरा. ऐकणारं कुणी नव्हतं. तू ऐकणारे बदललेस. सगळे भले केलेस, सगळ्यांना रडू आणलंस, उभं केलंस. माझ्यावर उपकार नाही केलास. त्यांच्यावर केलास." तिनं बोटानं खोलीभर दाखवलं, भिंतीवरच्या जुन्या जाहिराती, काचेबाहेरचं आवार. "यांना मोकळं केलंस तू."

"पण तसं घडायला हवं होतं, असं तुम्हाला नाही वाटत?"

"मला आईला चारचौघांत आई म्हणायला हवं होतं. ते तू नोएलकडून इर्माला म्हणवलंस आणि तिकीट लावलंस."

बाईनं घड्याळ पाहिलं. आम्ही निघालो. मी दारातून मागे वळून कॉलिनला म्हटलं, "माझ्याकडून तिच्या आईला रडवलंस. हे मी विसरणार नाही." त्यापेक्षा जड काहीतरी बोलायचं होतं. ते मला घरी पोचल्यावर सुचलं.

काम झालं ते नोएलमुळे. तिला मी हे सगळं फोनवर सांगितलं होतं, रागाच्या भरात, काही मागावं म्हणून नव्हे. पुढच्या आठवड्यात ती दूरचित्रवाणीवरच्या एका मुलाखतीला गेली. मुलाखतकार त्या शेवटच्या भाषणाबद्दल गहिवरून बोलत होता. नोएलनं त्याला थांबवलं. "ते भाषण कुणी केलं नव्हतं," ती म्हणाली. "ओफेलिया बरागान यांनी आपलं नाव आणि फोटो काढायला सांगितलंय, आणि स्टुडिओ काढत नाहीये. ते काढेपर्यंत मी या सिनेमासाठी कुठंही बोलायला जाणार नाही." मुलाखतकारानं हसून विषय बदलायला बघितलं. ती म्हणाली, "आणखी एक. डॉक्टरचा प्रसंग करताना मी थांबा म्हटलं होतं."

पुढं काय काय झालं ते मला सगळं ठाऊक नाही. वकिलांचे फोन झाले. नोएलच्या एजंटानं तिला सोडलं. हॅलोरनबरोबर तिचा पुढचा सिनेमा ठरला होता, तो दुसरीला गेला. ती 'अवघड' आहे अशी कुजबुज सुरू झाली. हाच शब्द त्यांनी आत्यासाठी वापरला होता, करार संपवताना. पण फोटो गेले. नाव गेलं. जाहिरातीतून आत्या गेली. शेवट तेवढा तसाच राहिला, तिथल्या तिथं, टाळ्यांसकट.

नोएल आता अधूनमधून रविवारी येते. पहिल्यांदा आली तेव्हा आत्यानं तिच्यापुढे एवढं वाढलं की ताट दिसेना. नोएल म्हणाली, "तुमच्यामुळे काम गेलं असं मी कुणाला म्हणत नाही हं." आत्या म्हणाली, "म्हण की. माझ्यामुळेच गेलं. घे, आणखी घे." तिला आपल्यामुळे कुणाचं नुकसान झालं हे झाकून ठेवायला आवडत नाही. ती त्या मुलीसाठी दर रविवारी मेणबत्ती लावते आणि गुआदालुपेच्या माउलीला दटावते की बघ, काहीतरी कर.

मला मधल्या काळात एक काम आलं. बेव्हर्ली हिल्समधल्या श्रीमंत घरातली स्वयंपाकीण. दिग्दर्शिका फोनवर म्हणाली, भूमिका छोटी आहे पण तिला खूप प्रतिष्ठा आहे. मी विचारलं, तिला नाव आहे का? ती कागद चाळू लागली. मी फोन ठेवला. आयुष्यात पहिल्यांदा ठेवला.

सिनेमांच्या मोठ्या बक्षिसांच्या दिवशी आम्ही तिघी घरी होतो. दुपार कलली होती, उन्हात अंगणातल्या निवडुंगाच्या सावल्या आत येत होत्या. मला तो सोहळा बघायचाच नव्हता. आत्याला बघायचा होता. कॉलिनचं नाव पुकारलं. तो काळ्या कोटात वर गेला, बक्षिसाची सोनेरी बाहुली हातात घेतली. म्हणाला, "हे त्या सगळ्या स्त्रियांसाठी आहे, ज्यांची नावं मला इथं घेता येत नाहीत. ज्यांना कधी बोलू दिलं गेलं नाही."

सभागृह उठून उभं राहिलं.

नोएल पुटपुटली, "नावं घेता येत नाहीत म्हणे."

आत्यानं रिमोट उचलला आणि मुष्टियुद्ध लावलं. हालिस्कोचा एक मेक्सिकन पोरगा कुणातरी उंच माणसाला बरगड्यांत हाणत होता. ती पुढे सरकून बसली.

"आवाज वाढव गं," ती मला म्हणाली. "आणि तू, पोरी, ते संपव. ताटात टाकायचं नाही."